अकरा माळांची घटका

उन्हात ठेवलेल्या मेणाचा वास मला अजूनही थोडा अपराधी वाटतो. कुंकू टिकावं म्हणून बायका कपाळावर आधी मेणाचं बोट टेकवीत, त्या मेणाचा; मधाचा, धुराचा आणि किंचित खोबरेलाचा. हल्ली टिकल्या आल्या आणि तो वास घरातून गेला. खोटं कशाला सांगू, मला त्याचं फारसं दुःख नाही.

हिर्डोशीत आमच्या घराच्या वरच्या अंगाला गुरुजी राहत. निवृत्त प्राथमिक शिक्षक, पण गावाच्या लेखी वेळ बांधणारे. कालस्तंभनाची विद्या, म्हणजे मंत्रबळाने काळाचा प्रवाह रोखून धरण्याची, ते साधत होते. जीर्ण पोथ्या उतरवून घेत, आणि रोज सकाळी, तळाला सुईच्या टोकाएवढं छिद्र असलेली तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडून समोर माळ ओढीत बसत. वाटी भरून बुडाली की एक घटका झाली, म्हणजे आपली चोवीस मिनिटं. तेवढ्या अवधीत त्यांच्या नेमक्या अकरा माळा होत. बारावी माळ ज्या दिवशी पुरी होईल त्या दिवशी काळ थांबला, असा त्यांचा सरळ ठोकताळा होता. लोक त्यांना हसत, आणि घरात लग्न निघालं की मुहूर्ताची वाटी सोडायला त्यांनाच बोलावीत.

या अभ्यासाचं मूळ साऱ्यांना ठाऊक होतं. त्यांची पत्नी तापाने फणफणली तेव्हा ते भोरहून डॉक्टरांना घेऊन पायी येत होते. दारात पोचले तेव्हा तिला जाऊन एक घटका झाली होती. त्यांना ती एक घटका हवी होती, बस्स. एवढंच मागणाऱ्या माणसाला वेडा म्हणणं मला पुढे कधी जमलं नाही. लहानपणी मात्र मीही म्हणत असे.

माझ्या थोरल्या बहिणीचं, ताईचं, लग्न साठ सालानंतरच्या एका फाल्गुनात झालं. करवंदीच्या जाळ्या फुलल्या होत्या आणि त्यांच्या गोडसर वासाने मांडवात डोकं जड होत होतं. मुहूर्त सूर्योदयापासून दहावी घटका बुडण्याचा. वऱ्हाड भोंगवलीचं, आणि त्यांचा ट्रक भोर सोडल्यावर चढावरच बसलेला. नवऱ्या मुलाच्या चुलत्याला हे स्थळ मुळातच पसंत नव्हतं. मुहूर्त टळला तर मोडायला त्याच्या हाती आयतं कारण पडणार होतं. ताई मुंडावळ्या बांधून आतल्या खोलीत मुसमुसत होती. गावातली दोन्ही मनगटी घड्याळं नेमकी वऱ्हाडाला आणायला गेली होती, त्यामुळे आम्हा सगळ्यांचं भवितव्य त्या वाटीत तरंगत होतं. बुडालेली वाटी उचलून, रिती करून पुन्हा सोडण्याचं काम माझ्याकडे, करवलीकडे.

नववी घटका बुडाली तेव्हा दूरच्या वळणावर फेटे दिसू लागले. चालत यायला त्यांना घटकेहून जास्त वेळ लागणार, हे कुणालाही कळलं असतं. माझ्या कनवटीला मेणाची डबी होती. मोहरीएवढं मेण मी वाटीच्या छिद्राला आतून चोपडलं, ते बुजू नये, नुसतं आवळावं इतपत, आणि वाटी सोडली.

घंगाळासमोर माळ ओढीत बसलेल्या गुरुजींचे डोळे मिटलेले होते. बारावी माळ झाली, तेरावी झाली. पंधराव्या माळेला त्यांचा जप मोठ्याने ऐकू येऊ लागला. एकोणिसाव्या माळेला वऱ्हाड मांडवात शिरलं, विसाव्या माळेला वाटी बुडाली आणि अक्षता पडल्या. त्या गलक्यात मी नखाने मेण खरवडून टाकलं. वळून पाहते तो गुरुजी घंगाळापाशी बसून रडत होते. "थांबली गं पोरी, घटका थांबली," एवढंच म्हणाले. मला वाटलं, आनंदाने.

त्यानंतर ती विद्या त्यांना पुन्हा साधली नाही. मी भोरला मास्तरीण झाले, ताईची मुलं शाळेत जाऊ लागली. दहा-बारा वर्षांनी, आश्विनात भाताला पिवळी झाक आली असताना, मी त्यांच्या ओसरीवर बसले होते. त्यांनी वही पुढे केली. पानामागून पान तोच आकडा, अकरा, आणि प्रत्येकापुढे लाल फुली.

"येकदा जमलं व्हतं," ते म्हणाले. "म्हंजे जमतंय. म्या शिकाया उशीर केला, म्हून कारभारीण गेली. चुकी माजीच हाय."

इतकी वर्षं मी समजत होते की त्या माणसाच्या पदरात मी नकळत एक आनंद टाकला आहे. आणि तो तर रोज सकाळी स्वतःला गुन्हेगार ठरवीत होता. मी सगळं सांगून टाकलं. मेण, डबी, नख.

त्यांनी वही ओढून घेतली आणि ताईच्या लग्नाच्या दिवसाचं पान काढलं. रागावतील, शाप देतील, मी कशालाही तयार होते.

"किती मेण?"

"मोहरीएवढं, गुरुजी."

त्यांनी ते मला त्या दिवसाच्या नोंदीखाली माझ्या हाताने लिहायला लावलं. मग वही मिटून, मला नव्हे, आतल्या अंधाऱ्या घराकडे पाहून म्हणाले, "म्हंजे तू गेलीस तवाबी थांबली नसती."

डोळे पुसून झाल्यावर त्यांना ताईची आठवण झाली. "तिला बोलू नगंस हां. बिनमुहूर्ताचं लगीन म्हून उगा जिवाला लावून घेईल."

मी हो म्हटलं. त्यांनी वाटी पाण्यावर सोडायला सांगितली. ऊन ओसरीवरून अंगणात उतरलं, वाटी हळूहळू जड होत गेली आणि तळाशी टेकली. ती घटका किती माळांची झाली हे कुणी मोजलं नाही. माळ आत खुंटीवर होती.