आनंदानं हिरोला पाडलं तेव्हा

सिनेमात आनंदा पैलवानानं कायम मारच खाल्ला. वाळव्याकडून बोईसरच्या कारखान्यात कामाला आलेला हा गडी पाळी सुटली की सरावलीतल्या चाळीमागं स्वतः खणलेल्या आखाड्यात घुमायचा. आसपासच्या जत्रांत त्याच्याशी जोड लावायला कुणी धजायचं नाही. ते अंग बघूनच शूटिंगवाल्यांनी त्याला उचललं. मग कधी गुंड, कधी पहारेकरी. हिरोचा ठोसा बसला की हा गडगडत खाली. पण पडायचा कुशीवरच. पाठ मातीला लागली की पैलवान हरला, हे वस्तादानं कोवळ्या वयातच अंगात मुरवलेलं.

त्याच्या बायकोला, राहीबाईला, या हट्टाचा वैताग यायचा.

एकदा नवापूरच्या किनाऱ्यावर मोठं काम मिळालं. खलनायकाचा उजवा हात. तोंडी वाक्यं, पडद्यावर नाव. अट एकच, शेवटी उताणं पडायचं आणि हिरो छातीवर गुडघा ठेवणार. त्या सकाळी आनंदा न जेवताच गेला. राहीबाई डबा घेऊन मागोमाग पोचली.

"पडा की एकदाचं! तुमचा वस्ताद काय बघायला येतोय हितं? लेकीला सांगता तरी येईल, बापाचं नाव पडद्यावर हाय म्हणून."

आनंदा उठला आणि खरंच पडला, सपशेल उताणा. राहीबाईनं सुस्कारा सोडला. पण हिरोचा गुडघा छातीला लागला मात्र, त्या अंगानं मालकाला विचारलंच नाही. मान वाळूत रोवली, कंबर उसळली, कूस पालटली. हिरो खाली, आनंदा वर! बघायला जमलेल्या कोळणींनी एकच गिल्ला केला.

"पागल है क्या?" दिग्दर्शक किंचाळला.

आनंदा हात जोडत हिरोच्या पाठीवरची वाळू झटकत होता. दुसऱ्या दिवशी त्याच्या जागी दुसरा माणूस आला. पुन्हा बोलावणं आलं नाही. राहीबाईनं मात्र ते वर्षानुवर्षं ऐकवलं.

परवा नात पूर्वीनं तो सिनेमा फोनवर शोधला. नवापूरची हंसा मासळी द्यायला आली होती, तीही टोपली ठेवून बसली. पडद्यावर तो दुसरा माणूस उताणा पडला. हिरोनं गुडघा टेकला, मग वर बूटही ठेवला छातीवर. राहीबाईला त्या बुटाखाली आपलाच माणूस दिसला.

"बंद कर गं ते."

"असू दे की," आनंदा म्हणाला. "बरा पडलाय गडी. मला नसतं जमलं."

"तुमाला कशाला जमंल?" हंसा हसली. "तुमी तर हिरोलाच झोपवला. आमच्या गावात अजून सांगतात."

राहीबाईनं तिच्यापुढं चहाचा कप सरकवला.

"नीट सांग बरं, कसा पडला तो? मी तवा लाजेनं पदरात तोंड खुपसलं होतं."