नाल्यापलीकडचा नारळ

साल दोन हजार सव्वीस. वयाच्या बहात्तराव्या वर्षी मी एक नगरसेवक पाडला.

"नाना, आपण काय वेगळे आहोत काय?" असं म्हणत तो खांद्यावर हात टाकायचा आणि पाण्याचं बोलणं तिथंच संपायचं. असे हात तुमच्याही खांद्यावर पडले असतील.

दिवा स्टेशनजवळ आमचा पाडा. मधे नाला, पलीकडे मोठं गाव. तो दोन्हीकडचा नगरसेवक. मयताला पहिला खांदा त्याचा, हे मी नाकारत नाही. माझ्या आईला शेवटपर्यंत "म्हातारे, जेवलीस का?" विचारायचा. पाणी मात्र पाड्यावर आलं नाही. मग आम्ही रिकामे हंडे घेऊन त्याच्या ऑफिसात बसायचो.

निवडणुकीआधी प्रभाग नव्याने आखले. हद्द नाल्यावरून गेली, पाडा शेजारच्या प्रभागात गेला. विचारलं तर म्हणाला, "वरून आलं, नाना. माझ्या हातात काय?"

पुढे एका हळदीत दोन पेग झाल्यावर हाच नाचता नाचता ओरडला, "पलीकडची कटकट कापून टाकली रे!" मी मागेच उभा होतो.

मी तिसरीपर्यंत शिकलेलो. पण हद्द आखताना तो काय विसरला ते मला कळलं. गावदेवी पाड्यावर आहे. आणि पाड्याच्या लेकी नाल्यापलीकडे दिल्यात.

गावच्या उमेदवाराने पहिला नारळ गावदेवीपुढे फोडायचा आणि तो मानकऱ्याने हातात द्यायचा, ही आमची रीत. मानकरी मी. तो बँजो पार्टी लावून, अर्धं गाव घेऊन आला. मी पायरीवर बसलेलो.

"नाना, नारळ द्या."

"देवी तुझ्या प्रभागात राहिली नाही रे. तूच कापलीस ना?"

"मस्करी करता काय? लोक बघतात."

"म्हणूनच बोलतो."

बँजो थांबला. त्याने नवीन टॉवरच्या गेटवर विकतचा नारळ फोडला, पण गाव त्याच्या मागे गेलं नाही.

संध्याकाळी पाड्यातल्या घराघरातून लेकींना फोन गेले. माझी पोरगी म्हणाली, "बाबा, मला काय सांगता? मी सासूलापण फिरवलीय."

तो पडला. थोडक्यात पडला, म्हणून जास्त गोड लागलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंघोळ करून, धुतलेला सदरा घालून मी नाला ओलांडला. त्याच्या ऑफिसचं शटर अर्धं वर होतं. आत एकावर एक रचलेल्या खुर्च्या, आणि तो एकटा. मी त्याच्या खांद्यावर हात टाकला. "आपण काय वेगळे आहोत काय?"

खांदा हाताला अगदीच हलका लागला. हात मात्र मी लवकर काढला नाही.