घरमालकांचे शिळे विनोद

आमच्या घरमालकांइतका विनोदाचा दुस्वास करणारा माणूस कुवेंपुनगरातच काय, अख्ख्या म्हैसुरात दुसरा नसेल. इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक, घराणं इथल्या जुन्या मराठी शिलेदारांचं, आणि राग अजूनही घोड्यावरच. आपण जिन्यात भेटावं, एखादा ताजा विनोद सांगावा, की हे कडाडलेच, "शिळा! ग्रीकांनी चोथा केलाय याचा, नोडी, बघा!" नवरा-बायकोचा विनोद इजिप्तच्या नावावर, खादाड माणसाचा आपल्या संस्कृत नाटकातल्या विदूषकाच्या. माझ्या लेकीच्या वाढदिवसाला सगळे खो-खो हसत असताना हे गृहस्थ उठून ओरडले, "जगातला सगळ्यांत जुना विनोद सुमेरचा, आणि तोही पादण्यावरचा! माणूस तिथून इंचभर पुढं सरकलेला नाही!" केक कापायची सुरी माझ्याच हातात होती. मी ती मुकाट्यानं खाली ठेवली.

गेल्या वर्षी त्यांच्या पत्नीला, आमच्या अम्मांना, पक्षाघात झाला आणि वाचा गेली. आता तरी घरात शांतता हवी की नको? छे! रोज संध्याकाळी हे जाडजूड ग्रंथ उघडून त्या बाईंच्या उशाशी प्राचीन विनोद गर्जून सांगायचे. वर आमची भांडी हादरायची. शेवटी माझं डोकं फिरलं आणि मी तरातरा खाली गेलो.

"सर, पुरे करा! विनोदाची एवढी चीड, मग हा छळ कशाला?"

"छळ?" ते माझ्या अंगावर आले. "लग्न झाल्यापासून ही माझ्या रागाला हसत आली हो! आता हसत नाही. मग मी काय सुम्ने, गप्प बसू? इतकी राज्यं बुडाली, माणसं हसायची थांबली नाहीत. त्यातला एक तरी विनोद हिला लागू पडेल की नाही?"

आणि माझ्यादेखत ते जमिनीवर रांगायला लागले. घराला आग लागलेली असताना उजेडासाठी दिवा चाचपडणारा, ग्रंथातल्या विनोदातला ग्रीक पंडित झाले होते ते. अम्मांचे ओठ हलले.

"नग्..."

पुढचा स्वर जिभेतच राहिला. त्यांच्या घरच्या मराठीत 'नको'ला 'नगं' म्हणतात, आणि कन्नडमध्ये 'नगु' म्हणजे हसू.

"काय म्हणाली? नगं की नगु?" ते रांगत्या अवस्थेतच माझ्यावर खेकसले.

"नाही कळलं, सर."

"पुण्याहून एवढं शिकून आलात आणि एक अक्षर ऐकू येत नाही?" आवाज चढला, आणि मध्येच फुटला.

अम्मा त्यानंतर काहीच बोललेल्या नाहीत. विनोदही त्यांनी बंद केले. न जाणो, 'नको' म्हणाली असेल. पण संध्याकाळी भाजी घेऊन येताना खिडकीतून दिसतात ते, अम्मांचा हात धरून बसलेले. सवय नसलेलं, वेडंवाकडं हसू चेहऱ्यावर ताणून धरलेलं असतं. गाल दुखत असणार. न जाणो, तिनं तेच मागितलं असेल.