काचेवरचा वाळा

माझे वडील नंदुरबारला फोटो काढायचे. फिल्म तेव्हा आमच्याकडे पोचली नव्हती. काचेच्या प्लेटींची खोकी सुरतेहून रेल्वेनं येत आणि एका बिनउजेडाच्या कपाटात राहत. उजेड लागला की प्लेट वाया, म्हणून त्या कपाटाला बाबा देव्हाऱ्याइतकं जपत. देव्हाऱ्याला निदान आम्ही हात लावू शकत होतो.

मामा बिहारकडे अभ्रकाच्या खाणीत नोकरीला होता. एका दिवाळीला बहिणीला ओवाळणी म्हणून त्यानं चक्क दगड आणला. आधी आम्ही हसलो, मग बघतच राहिलो. मांड्याच्या घडीसारखे पातळ पापुद्रे एकावर एक, रंग लिंबाचा. ऊन कलल्यावर अंगणातले बाकी सगळे रंग विझत आणि हा मात्र हिरवट पिवळा होऊन उठून दिसे. आई त्यावर फारच खूष होती. तिला दागिन्यांची हौस नव्हती, पण दगड ती येईल त्याला दाखवायची.

उन्हाळा लागला तसा दगड कोरडा पडून झडू लागला. पापुद्र्यांचा भुगा बघून आईचा जीव खालीवर व्हायचा. घरात गार, अंधारी जागा एकच होती. तिनं बाबांच्या मागे टुमणं लावलं. बाबा कसले ऐकतात! चमकणारी वस्तू प्लेटींजवळ? पण बायकोपुढे किती दिवस टिकणार? शेवटी त्यांनी दगडाची परीक्षा घेतली. तो घेऊन ते डार्करूममध्ये बसले, डोळे अंधाराला सरावेपर्यंत थांबले आणि बाहेर येऊन म्हणाले, अंधारात हा ठार आंधळा आहे, ठेव खुशाल. आईनं तो फडक्यात गुंडाळून खोक्यांवर ठेवला.

पुढच्या वर्षी मी पहिल्या बाळंतपणाला माहेरी आले, तर बाबा ओळखू येईनात. त्यांचे फोटो बिघडत होते. कुणाच्या खांद्यावर धूर, कुणाच्या कपाळावर पांढरा डाग. त्यांनी डार्करूममधल्या लाल कंदिलाची काच बदलली, कॅमेऱ्याचा भाता नवा शिवून घेतला, विहिरीचं पाणी सोडून नदीचं आणवलं, सुरतेच्या व्यापाऱ्याशी भांडून झालं. शेजारच्या रंगारी चाचांची फोटोतली अर्धी दाढी धुरात गेली, तरी त्यांनी तो फोटो कौतुकानं दिवाणखान्यात लावला. त्या चांगुलपणानंच बाबा जास्त खचले. त्यांच्या मनानं घेतलं की डोळे गेले, हात गेला. नवापूरच्या एका गृहस्थांना त्यांनी कॅमेरा विकत देऊ केला. ते येत्या बाजारच्या दिवशी न्यायला येणार होते. आई मला पोटभर खाऊ घालायची आणि स्वतः जेवायची नाही. मला बाबांचा राग यायचा आणि त्यांच्याकडे बघवायचंही नाही.

बाजाराच्या आदल्या दिवशी त्यांनी एका नवरानवरीचा फोटो छापला. कागद हातात धरून ते माजघरात आले. नवरदेवाच्या फेट्यावर पांढरट डाग होता, आणि डागाच्या मधोमध एक काळसर कडं, त्याला दोन बारीक घुंगरं.

बाबांनी आईपुढे कागद धरला आणि कड्यावर बोट ठेवलं. "हाई दख. हाई कोनं शे?"

आईनं ते कडं ओळखलं. माझा लहानपणीचा चांदीचा वाळा होता तो. जोडीतला एकच उरलेला. मी येणार म्हणून तिनं तो नातवंडासाठी काढला होता आणि आवडती वस्तू आवडत्या वस्तूपाशी, म्हणून दगडाच्याच फडक्यात बांधला होता. बंद खोक्यातून, प्लेटी गुंडाळलेल्या काळ्या कागदातून दगडानं प्लेटीवर त्याची सावली पाडली होती. डोळ्यांना न दिसणारं काहीतरी त्यातून निघतं, आणि ते उन्हातल्या चमकेहून वेगळं, हे बाबांना कसं कळावं? मलाही युरेनियम हा शब्द फार वर्षांनी वाचायला मिळाला. आज त्या दगडाशेजारी मी पोटुशीला बसू देणार नाही.

"मन्हंच पाप शे," म्हणत आई रडायला लागली.

बाबांनी तिचा दंड धरला आणि तिला स्टुडिओत खुर्चीवर बसवलं. उभ्या जन्मात ती कॅमेऱ्यासमोर बसली नव्हती. पदर सारखा करते, तोंड पुसते म्हणाली, तेही करू दिलं नाही. त्या दिवशीच स्टेशनवरून सोडवून आणलेलं खोकं अजून कपाटात गेलं नव्हतं. त्यातली प्लेट त्यांनी घातली.

"दगडले मीच अंधारामा दखेल व्हता," ते म्हणाले. "आते हालू नको."

नवापूरचे गृहस्थ दुसऱ्या दिवशी नुसता चहा पिऊन गेले. दगड अंगणाच्या कोनाड्यात गेला आणि वाळा माझ्या मुलीच्या पायात.

आईचा तो फोटो स्टुडिओच्या दारात बाबा असेपर्यंत होता. नाक लाल झालेलं, केस विस्कटलेले, गालावर पाणी. असला फोटो लावतात का, म्हणून ती कायम कुरकुरायची. बाबा गिऱ्हाइकाला हमखास त्याच्यापुढे उभं करायचे आणि तिच्या गालावर बोट ठेवायचे.

"हाऊ थेंब दखा. कसा साफ उना."