पेन्सिल, चिमटे आणि एक थेंब

मागच्या महिन्यात एका मंगळवारी पलासिया भागातल्या थेरपी क्लिनिकमध्ये मी पेन्सिल फेकली. बहात्तराव्या वर्षी... तीही नातीच्या वयाच्या मुलीसमोर. उजव्या हाताने फेकता येत नाही म्हणून डाव्या हाताने फेकली.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो, दिवाळीनंतर मला पॅरालिसिसचा झटका आला. पाय सावरला, जीभ सावरली... उजवा हात मात्र अजून रुसून बसला आहे.

या हाताकडे घरातलं एक काम होतं. सुधाच्या, म्हणजे आमच्या सौ.च्या, डोळ्यांत रोज संध्याकाळी काचबिंदूचे थेंब घालायचे. तिचं तिला ते कधी जमलंच नाही. थेंब घातले की दोन-तीन मिनिटं डोळे मिटून राहायचं असतं, तेवढ्या वेळात मी शाळेतली एखादी कविता म्हणायचो. आमच्या मराठी शाळेत गुरुजी बाकावर ताल धरून म्हणवून घ्यायचे ना, तशीच, चालीवर. कविता संपली की तिने डोळे उघडायचे. अकरा वर्षं हेच आमचं घड्याळ होतं.

आता समोरच्या पुष्पाजी येतात. भल्या बाई आहेत, पण सिरियल संपल्यावर येतात, "भाभी, आँख खोलो" म्हणतात, थेंब टाकतात आणि जातात. कधी कधी येतच नाहीत. डॉक्टरांनी बजावलंय, थेंब चुकवू नका, या आजारात गेलेली नजर परत येत नाही. सुधा हातात रुमाल घेऊन दाराकडे कान लावून बसते... आणि मी माझ्या हाताकडे बघत बसतो. एकदा डाव्या हाताने करायला गेलो, तर बाटलीचं टोक पापणीला लागलं. पुन्हा हिंमत झाली नाही.

म्हणून ही थेरपी. नुसते हात वर-खाली करायचे नाहीत, जे काम जमायला हवंय तेच तुकड्या-तुकड्याने, पुन्हा पुन्हा करायचं. थेरपिस्ट श्रुती जवळच्याच महू गावची, मराठी घरातली. पहिल्याच दिवशी फॉर्म पुढे ठेवून तिने विचारलं, काका, या हाताने सगळ्यात आधी काय करायचंय?

सुधा शेजारीच बसली होती. मी मोठ्या ऐटीत सांगितलं, कविता लिहायचीय.

झालं. पाच आठवडे पेन्सिल. तिच्यावर जाडजूड स्पंज गुंडाळलेला, समोर चाररेघी वही. जन्मभर लोकांच्या पोरांचं अक्षर सुधारलं, आणि आता माझा 'अ' स्टँडवरून पडलेल्या सायकलसारखा. मधेच कपडे वाळत घालायचे चिमटे... या डब्याच्या काठावरून काढा, त्या डब्याच्या काठाला लावा. वर प्रत्येक रेघेला "व्हेरी गुड, काका". मी वर्गात इतक्या स्वस्तात कुणाला व्हेरी गुड दिलं नव्हतं.

जाण्या-येण्याचा वैताग वेगळाच. विजय नगरच्या घरून निघायचं, जाममध्ये अडकायचं, आणि ऑटोवाल्याचा सल्ला ऐकायचा... "भिया, मालिश करवाओ, सब छोड़ो."

त्या सोमवारी पुष्पाजी आल्या नाहीत. सुधा जेवणाची वेळ टळेपर्यंत रुमाल धरून बसली. दुसऱ्या दिवशी माझ्यापुढे पुन्हा चाररेघी वही आली आणि मी पेन्सिल फेकली.

श्रुतीने ती उचलली नाही. स्टूल ओढून समोर बसली आणि काय झालं ते विचारलं. सुधा बाहेर बाकावर होती, म्हणून सगळं सांगून टाकलं.

"मग हे पहिले का नाही बोलले, काका? मी इथे पाच हफ्ते तुम्हाला कवी बनवत बसली."

बायकोसमोर कसं बोलणार? आपल्या डोळ्यांपायी यांचा जीव टांगणीला लागलाय, असं तिला वाटलं असतं. श्रुतीने फॉर्मवरची कविता खोडली आणि म्हणाली, उद्या थेंबांची रिकामी बाटली घेऊन या.

तुम्हाला वाटेल, आता सगळं सोपं झालं. छे. बाटलीत पाणी भरायचं आणि छोट्याशा झाकणात एकच थेंब पाडायचा. एक तर थेंब पडायचाच नाही, नाही तर धार लागायची. चिमटे होतेच, पण ते कशासाठी हे आता कळत होतं. मग तिने उशीच्या जुन्या अभ्र्यावर स्केचपेनने डोळा काढून दिला. दोन आठवडे मी त्या उशीला रडवत बसलो.

एक गोष्ट मात्र तिने सांगितली ती मला अकरा वर्षांत सुचली नव्हती. काकूंना खुर्चीत नका बसवू, आडवं झोपवा आणि मनगट त्यांच्या कपाळावर टेका. हात हवेत राहिला तर थरथरणारच.

परवा पुष्पाजींना सांगितलं, आज राहू द्या. सुधा पलंगावर आडवी झाली. मी मनगट तिच्या कपाळावर टेकलं, डाव्या हाताने पापणी धरली. पहिला थेंब भुवईवर. दुसरा कानाकडे. तिसरा डोळ्यात. दुसऱ्या डोळ्यात एका खेपेत पडला. तिने डोळे मिटले.

मी घामाघूम. त्यात बाटलीचं झाकण लागेना. चडफडत त्याच्याशी झटत बसलो होतो, तेवढ्यात ती मिटल्या डोळ्यांनीच म्हणाली, "आणि कविता? मी अशी किती वेळ पडून राहू?"

म्हटली. दुसरं कडवं आठवेना, ते तिनेच सांगितलं.

श्रुती, बेटा, तुझे उपकार. लिहायचं पुढे बघू... म्हणता येतेय तेवढी पुरे आहे.