डावा अंगठा

झुंबरबाई सुईण होती. पारनेरकडच्या त्या गावात तिशीच्या आतलं जे कोणी होतं, त्याला या जगात पहिला हात लागला तो तिचा. दुष्काळात विहिरींचे तळ उघडे पडले, तेव्हा गावाबरोबर तीही सरकारी कामावर खडी फोडायला जाऊ लागली. एका सकाळी हातोडी बसली, दगड फुटला आणि त्याची धारदार कपची तिच्या डाव्या अंगठ्यात शिरली. पेर उभं चिरलं.

शेजारची कडूबाई चंची सोडत धावली. "तंबाखू दाब, रगत थांबंल."

"दूर हो. तुझी तंबाखू तुझ्या दातांना ठेव."

पदराची धुतलेली बाजू जखमेवर घट्ट दाबून, हात वर धरून ती खडीच्या ट्रकमधून पारनेरला गेली. दवाखान्यातल्या सिस्टरने टाके घातले, धनुर्वाताची सुई दिली आणि बजावलं, "दोन दिवस पट्टी भिजवू नका. मग साबणाने हात धुऊन, उकळून गार केलेल्या पाण्याने जखमेच्या कडा टिपून घ्यायच्या. पट्टी उकळून उन्हात वाळवलेली. चुना नाही, राख नाही. लाली वाढली, ठणका लागला, पू दिसला, तर त्याच दिवशी इथे यायचं."

"सिस्टर, माझ्या छबूचे दिवस भरत आलेत. पहिलटकरीण हाय. तिला मलाच सोडवायचंय."

"जखम पुरती बरी होईपर्यंत बाळंतिणीला हात लावायचा नाही. या हाताने तिलाच ताप द्याल."

"मग लवकर बरी करते," झुंबरबाई म्हणाली, जणू ते तिच्याच हातात होतं.

टँकर येई तेव्हा घरात दोनच घागरी पडत. त्यातलं वाटीभर पाणी रोज चुलीवर उकळू लागलं.

"आई, हितं पेयाला न्हाई, अन् तू अंगठ्याला न्हाऊ घालती!" छबू पोटावर हात ठेवून हसायची.

"तुझ्यासाठीच चाललंय, भवाने."

अंगठा खरंच मिटत चालला होता. कडा कोरड्या होत्या, ठणका थांबला होता. कामावर तिने एका हाताने खडीची पाटी ओढायचं काम मागून घेतलं होतं.

शनिवारी पगाराला रांग लागली. मस्टरवर डाव्या अंगठ्याचा ठसा घ्यायचा. कारकून श्रीमंत तिच्याच हातचा, पायाळू जन्मलेला.

"उजवा घे की रं बाबा."

"मावशी, मागल्या तपासणीत ठसे जुळले न्हाईत म्हनून तिघींची नावं कापली. तुमचं कापलं, तर मला जेवन जाईल का?"

मागून कोणीतरी ओरडलं, "मावशे, लगीन लावायला बसलीस का? आवर की!"

झुंबरबाईने पट्टी सोडली. श्रीमंतने अंगठा अगदी हलक्या हाताने शाईच्या पॅडवर टेकवला, कागदावर टेकवला. मग टेबलाच्या खिळ्याला लटकलेली रॉकेलची चिंधी घेतली. सबंध रांगेने, सगळ्या आठवड्याच्या धुळीने भरलेल्या बोटांनी तिलाच अंगठे पुसले होते.

"थांबा, पुसून देतो. शाई नको राहायला टाक्यात."

ती नको म्हणणार होती. पण पोरगं मायेने करत होतं आणि मागे रांग खोळंबली होती. तिने अंगठा पुढे धरून ठेवला. घरी जाऊन तिने दोन दिवसांचं पाणी एकदम उकळलं.

मंगळवारी अंगठा गरम लागला. बुधवारी लाली मनगटाकडे चढली आणि ती मिळेल त्या ट्रकने पारनेरला पोचली. सिस्टरने टाका कापला. आतून जांभळट पू आला.

"हे काय लावलंत?"

"शाई हाय, बाई."

सिस्टरने सुई टोचली, जखम उघडी ठेवून बांधली आणि इतकंच म्हणाली, "लेकीला आता हात लावू नका."

दुसऱ्या दिवशी दुपारी छबूला कळा सुरू झाल्या. गाडी मिळायच्या आतच वेळ आली. कडूबाई आत गेली. झुंबरबाई उंबऱ्याबाहेर बसली, बांधलेला हात काखेत घालून.

"साबनानं कोपरापर्यंत हात धू. ब्लेड उकळलं का? दोरा?"

"उकळलं गं बाई! किती बोलती!"

"घाई करू नको. डोकं आपसूक येऊ दे."

"आई, तू कुठं हाईस?" छबू आतून ओरडली.

"हितंच हाय."

"आत ये की! आई, आत ये!"

झुंबरबाईने तोंड भिंतीकडे केलं. थोड्या वेळाने मूल रडलं. कडूबाई फडक्यात गुंडाळून ते दाराशी घेऊन आली. "घे. नात हाय तुझी."

झुंबरबाईचे दोन्ही हात पाठीमागे गेले. "तूच धर. छबूला बघ आधी."

छबू बरी राहिली. पण अंगठा पहिल्यासारखा झाला नाही. पू महिनाभर वाहत राहिला. शेवटी पेर वाळकं आणि ताठ राहिलं. नाळ बांधताना दोरा त्याच अंगठ्याखाली दाबावा लागे. तिने एका संध्याकाळी लाकडाच्या काटकीवर बांधून पाहिलं, दोरा घसरला. पुन्हा बांधलं, पुन्हा घसरला. पुढे वाडीवरून बोलावणं आलं, तेव्हा तिने कडूबाईचं घर दाखवलं.

त्या शनिवारीही ती पगाराच्या रांगेत होतीच. श्रीमंतने तो ताठ अंगठा शाईवर टेकवला, कागदावर टेकवला आणि सवयीने खिळ्याकडे हात नेला.

"पुसून देऊ, मावशी?"

"पूस," ती म्हणाली आणि अंगठा पुढे केला.