खैरनारकाकांच्या दारातला खड्डा

सिंहस्थाच्या कामांसाठी नाशिक खोदायला घेतलं, तेव्हापासून आमच्या सकाळच्या चहाला विषय शोधावा लागत नाही. त्यातले निम्मे किस्से खैरनारकाकांच्या फाटकासमोरच्या खड्ड्याचे! पाइपलाइनसाठी खणला आणि पाइप आलाच नाही. काकांची लेक मनीषा कळवणहून पहिल्या बाळंतपणाला यायची होती. रिक्षा दारापर्यंत यावी, एवढंच त्यांचं मागणं.

*

काकांनी महापालिकेच्या ॲपवर तक्रार टाकली. दुसऱ्या दिवशी उत्तर आलं, 'समस्या सोडवली', सोबत गुळगुळीत रस्त्याचा फोटो. काकू म्हणाल्या, "अहो, हा रस्ता कुठेय ते विचारा. तिथेच घर बघू."

*

पाणीपुरवठावाले आले. म्हणाले, "हा ड्रेनेजचा." ड्रेनेजवाले म्हणाले, "पाणीपुरवठ्याचा."

"मग माझाच असेल," काका म्हणाले. "घरपट्टी लावू नका म्हणजे झालं."

*

एकदा डांबराची गाडी चक्क दारात आली. पण सोबतचे साहेब म्हणाले, "आमचं टेंडर खड्ड्यांचं. हे खोदकाम आहे."

काकांनी शांतपणे विचारलं, "याचा खड्डा व्हायला अजून काय करावं लागेल?"

*

गणपतीत खड्डा पावसाने काठोकाठ भरला. काकांनी त्या डांबरवाल्या साहेबांना फोन केला, "विसर्जनाच्या गर्दीत कुणी पडेल हो, काहीतरी करा."

साहेबांनी केलं. अनंत चतुर्दशीला सकाळीच माणसं आली. त्यांनी कडेने बांबू बांधले, निर्माल्यासाठी पिंप ठेवलं आणि फलक लावला, 'कृत्रिम विसर्जन कुंड'. काका सगळ्यांना अडवून 'अहो, हा खड्डा आहे' म्हणून सांगत होते, पण फलकापुढे त्यांचं कोण ऐकणार! संध्याकाळी थकून त्यांनीही आपला गणपती तिथेच सोडला.

*

मनीषा शेवटी सासरीच बाळंत झाली. काकूंना ते फार लागलं. सव्वा महिन्याने ती बाळ घेऊन आली, तेव्हा रिक्षा कोपऱ्यावरच थांबली. काकूंनी खड्ड्याच्या पलीकडे जाऊन भाकरतुकडा ओवाळला. काकांनी नातीला खड्ड्यावर टाकलेल्या फळीवरून अलीकडे आणलं. त्या दिवशी आमच्यातलं कुणी हसलं नाही.

तेवढ्यात साहेबांची जीप आली.

"साहेब, आता तरी बुजवा," काका म्हणाले.

"आता कसा बुजवणार? अधिकृत विसर्जनस्थळ आहे. लोकांच्या भावना दुखावतील. पुढच्या गणपतीनंतर बघू."

जीप वळली. काकांनी नातीचे इवले हात धरून जोडले आणि म्हणाले, "पुढच्या वर्षी लवकर या."